भुकेशी झुंजणारा शास्त्रज्ञ

१९५९ ते १९६१च्या दुष्काळात चीनमध्ये कोट्यवधी माणसे अन्नावाचून मेली. हूनान प्रांतातील शेतकी शाळेतल्या एका शिक्षकाने भूकबळींची प्रेते डोळ्यांनी पाहिली. ते युआन लाँगपिंग (१९३०-२०२१).

भाताच्या एकाच फुलात नर व मादी दोन्ही असतात, म्हणून त्याचा संकर अवघड. युआन १९६४पासून नरवंध्य रोप शोधू लागले. १९७०मध्ये हैनान बेटावर त्यांच्या सहकाऱ्याला तसे रानभाताचे रोप सापडले आणि १९७३मध्ये संकरित भात सिद्ध झाला. उत्पन्न सुमारे २० टक्क्यांनी वाढले. मात्र हे बियाणे दरवर्षी नवे घ्यावे लागते.

२००४मध्ये जागतिक अन्न पुरस्कार मिळाल्यावरही ते संशोधन करीतच राहिले. ताटातला भात टाकण्यापूर्वी हे कष्ट आठवावेत.