जुना लॅपटॉप भंगारात काढण्याआधी

विंडोज १० ची नियमित मोफत अद्यतनं १४ ऑक्टोबर २०२५ ला थांबली. विंडोज ११ ला टीपीएम २.० ही सुरक्षाव्यवस्था आणि इंटेलचा असल्यास साधारण आठव्या पिढीपासूनचा प्रोसेसर लागतो. पुण्याच्या नगर रस्त्यावरच्या वाघोलीत अभियांत्रिकी महाविद्यालयांमुळे बाहेरगावची मुलं मोठ्या संख्येनं राहतात. त्यांच्यापैकी थोरल्या भावाचा ४ जीबी रॅमचा लॅपटॉप वापरणाऱ्यानं आता काय करावं?

आधी लॅपटॉप रखडतो कशामुळे, ते पाहू. धूळ साचून तापणं सोडलं, तर वयामुळे प्रोसेसर मंदावत नाही. त्याच्यावरचं ओझं वाढतं. मागे गुपचूप चालणाऱ्या सेवा, फायलींची अखंड नोंद आणि खिडक्यांची सजावट यांनी रॅम भरली, की उरलेली माहिती हार्ड डिस्कवर ठेवावी लागते. रॅममधली माहिती सुमारे १०० नॅनोसेकंदांत हाती येते. मिनिटाला ५,४०० फेरे घेणाऱ्या डिस्कला नुसत्या अर्ध्या फेऱ्यालाच साडेपाच मिलिसेकंद लागतात, म्हणजे पन्नास हजारपटींहून जास्त वेळ! लॅपटॉप ‘हँग’ होतो आणि डिस्कचा दिवा लुकलुकत राहतो, तो याच ओढाताणीत.

विंडोजऐवजी वापरता येणाऱ्या लिनक्स या कार्यप्रणालीत गाभा वेगळा आणि पडद्यावरचा डेस्कटॉप वेगळा असल्यानं हे ओझं उतरवता येतं. लुबंटू या लिनक्सच्या हलक्या आवृत्तीतला ‘एलएक्सक्यूटी’ डेस्कटॉप पॅनेल, खिडक्या, फाइल मॅनेजर एवढ्यावर भागवतो. पपी लिनक्स तर अख्खी रॅममध्येच जाऊन बसते. ‘झेडरॅम’ ही सोय माहिती डिस्कवर ढकलण्याऐवजी रॅममध्येच दाबून ठेवते. प्रोसेसरला थोडं काम वाढतं, पण डिस्कची वाट पाहावी लागत नाही. अशाच काटकसरीमुळे १५ वॅटच्या चार्जरवरचा रास्पबेरी पाय ४ हा छोटासा संगणक पूर्ण डेस्कटॉप चालवतो.

मर्यादा मात्र आहे. ब्राउझरची भूक डेस्कटॉप बदलून भागत नाही. दहा टॅब उघडले, की रॅम पुन्हा भरते. ऑटोकॅडसारखी विंडोजची सॉफ्टवेअर्स लिनक्सवर थेट चालत नाहीत. पायथन, सी, लिबरऑफिस, पीडीएफ यांसाठी मात्र असं यंत्र पुरेसं आहे.

फायलींची प्रत आधी दुसरीकडे काढून ठेवा. मग लिनक्स पेनड्राइव्हवर घेऊन, इन्स्टॉल न करता ‘लाइव्ह’ चालवून बघा. वाय-फाय आणि आवाज तपासा. असं ‘लाइव्ह’ चालवल्यानं डिस्कवरचं काही पुसलं जात नाही. जमलं तर इन्स्टॉल करा आणि शक्य असल्यास हार्ड डिस्कच्या जागी एसएसडी बसवा. नवा लॅपटॉप घेण्याचा विचार त्यानंतर करा.