दारिओ अर्जेन्तो : भयपटांचे दिग्दर्शक आणि निर्माते

इटलीत 1960 ते 1980 या दोन दशकांत वेस्टर्न, गुन्हेकथा, भयपट अशा ठरावीक साच्यांच्या चित्रपटांचा मोठा धंदा उभा राहिला आणि त्यातले बहुतेक दिग्दर्शक निर्मात्यांच्या मर्जीनुसार एका साच्यातून दुसऱ्यात फिरत राहिले. रोममध्ये 1940 साली जन्मलेले दारिओ अर्जेन्तो या परिपाठाला अपवाद ठरले, त्याचे श्रेय जितके त्यांच्या प्रतिभेला तितकेच, एरवी दुर्लक्षित राहणाऱ्या, त्यांच्या घरच्या निर्मितीव्यवस्थेलाही द्यावे लागते. वडील साल्वातोरे निर्माते होते. स्वतः दारिओंनी आधी वृत्तपत्रात चित्रपटसमीक्षा केली, मग सेर्जो लिओने यांच्या ‘वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट’ (1968) या चित्रपटाच्या कथेवर बेर्नार्दो बेर्तोलुच्चींसह काम केले.

वडिलांनीच निर्मिलेला ‘द बर्ड विथ द क्रिस्टल प्लुमेज’ (1970) हा त्यांचा पहिला चित्रपट ‘जाल्लो’ प्रकारातला, म्हणजे पिवळ्या मुखपृष्ठांच्या स्वस्त रहस्यकादंबऱ्यांवरून नाव पडलेल्या इटालियन खूनपटांच्या परंपरेतला होता. या प्रकाराचा पाया मारिओ बावा यांनी आधीच घातला होता. अर्जेन्तोंनी त्यात भर घातली ती साक्षीदाराच्या फसव्या नजरेची. या चित्रपटाचा नायक कलादालनातला हल्ला काचेआडून पाहतो, पण पाहिलेल्याचा अर्थ चुकीचा लावतो. ‘प्रोफोन्दो रोस्सो’मध्ये (1975) खुनाच्या घरातले एक चित्र नाहीसे झाल्याचे नायकाला वाटत राहते, आणि विशेष म्हणजे त्याने जे पाहिले ते कॅमेऱ्याने प्रेक्षकालाही उघडपणे दाखवलेले असते, तरी पहिल्या खेपेस ते बहुतेकांच्या नजरेतून निसटते. त्यांच्या कथानकांत तर्काचे दुवे ढिले असतात, हा आक्षेप खराच आहे. मात्र ज्या चित्रपटांचा खरा विषयच पाहण्यातली चूक हा आहे, त्यांना या आक्षेपाने फारशी इजा होत नाही.

‘सुस्पिरिया’त (1977) त्यांनी रहस्यकथा सोडून चेटकिणींच्या नृत्यशाळेची कथा घेतली आणि छायाचित्रकार लुचानो तोव्होली यांच्या साह्याने लाल, निळ्या, हिरव्या रंगांचा भडिमार केला, त्यासाठी त्यांनी टेक्निकलरची जुनी पद्धत वापरली, ज्यात प्रत्येक रंगाचा ठसा फिल्मवर स्वतंत्रपणे उमटवला जातो आणि जी तोवर जवळजवळ मोडीत निघाली होती. ‘गोब्लिन’ या रॉक वाद्यवृंदाचे संगीत त्यात संवादांवरही कुरघोडी करते.

निर्माते म्हणून त्यांचे कार्य दिग्दर्शनाइतकेच मोलाचे आहे. अमेरिकी दिग्दर्शक जॉर्ज रोमेरो यांना त्यांनी ‘डॉन ऑफ द डेड’ची पटकथा लिहिण्यासाठी रोमला बोलावले, निर्मितीला आर्थिक बळ दिले आणि मोबदल्यात इंग्रजीतर देशांतले वितरणहक्क घेतले; स्वतः संकलित केलेली अधिक वेगवान आवृत्ती त्यांनी अमेरिकेतल्या प्रदर्शनाच्याही आधी, 1978 साली, ‘झोम्बी’ या नावाने इटलीत आणली. पुढे आपले साहाय्यक लाम्बेर्तो बावा (मारिओंचे चिरंजीव) यांना ‘डेमन्स’ (1985) आणि मिकेले सोआवी यांना ‘द चर्च’ (1989) दिग्दर्शित करण्याची संधी त्यांनीच दिली, तीही देशी चित्रपटउद्योग दूरचित्रवाणीपुढे खचत चालला असताना.

‘ऑपेरा’नंतर (1987) त्यांचा स्वतःचा आलेख मात्र घसरला, 1998 चा ‘द फँटम ऑफ द ऑपेरा’ तर त्यांच्या चाहत्यांनाही आवडून घेणे अवघड जाते. त्यांच्याशी नव्याने ओळख करून घेणाऱ्याने आरंभ ‘प्रोफोन्दो रोस्सो’पासून करावा आणि त्यातल्या त्या घराच्या बोळातून नायक जातो तेव्हा भिंतींकडे नीट लक्ष द्यावे.