कोंड्याला भिजू द्या

आमच्या जळगावच्या घरी मांड्यांचा बेत ठरला की आदल्या दुपारी आजी गहू ओलवायला घ्यायची. निवडलेल्या गव्हांवर पाण्याचा हबका मारायचा, दोन्ही हातांनी खालीवर करायचे आणि ओल्या फडक्यात बांधून रात्रभर ठेवायचे. सकाळी दाण्याचं साल ओलसर-चिवट झालेलं असे आणि गर कोरडाच राहिलेला असे. मग दळण, मग चाळण, मग वस्त्रगाळ. पांढरंशुभ्र सपीठ एका परातीत, रवा दुसरीत आणि तांबूस कोंडा सुपात. सपिठाचे मांडे व्हायचे आणि सूप परसात गाईपुढे रिकामं व्हायचं.

त्या सुपातल्या कोंड्याबद्दल मला लिहायचं आहे. गेली २२ वर्षं पुण्यातल्या माझ्या स्वयंपाकघरात रविवारच्या नाश्त्याला कोंड्याचे आणि फळांचे मफिन होतात. ते करता करता कळलेली मुख्य गोष्ट आधीच सांगून टाकते : कोंडा पोटासाठी नाइलाजाने गिळायचा पदार्थ नाही. त्याला चव आहे, सुगंध आहे. मात्र त्याला भिजायला वेळ द्यावा लागतो.

मफिनची आणि माझी ओळख झाली ती अमेरिकेत, मिशिगनमध्ये राहणाऱ्या मावसबहिणीकडे. तिच्या फ्रिजमध्ये काचेच्या बरणीत तपकिरी, दाट पीठ होतं. आपल्याकडे इडलीचं असतं तसंच. सकाळी उठून तिने त्यातलं सहा डाव पीठ साच्यात घातलं आणि आम्ही चहा पिईपर्यंत घरभर गव्हाचा खमंग वास सुटला. वरून तडकलेले, आतून ओलसर, मधूनच मनुका दाताखाली येणारे ते मफिन केकसारखे गोड नव्हते. दोन खाल्ले आणि दुपारपर्यंत भुकेची आठवण झाली नाही. तिकडे या कृतीला ‘सहा आठवड्यांचे मफिन’ म्हणतात, कारण पीठ तेवढे दिवस फ्रिजमध्ये ठेवतात. कच्चं अंडं घातलेलं पीठ इतके दिवस ठेवणं मला पटत नाही. माझ्याकडे ते दोन दिवसांपलीकडे जात नाही.

इतिहास थोडक्यात सांगते. इंग्लंडचा जुना मफिन यीस्टने फुगवून तव्यावर भाजलेला, चपटा. आपण बोलतोय तो अमेरिकी, सोडा आणि बेकिंग पावडरवर फुगणारा. एकोणिसाव्या शतकात सिल्व्हेस्टर ग्रॅहम या धर्मोपदेशकाने न चाळलेल्या पिठाचा प्रचार केला. त्याच शतकाच्या उत्तरार्धात पोलादी रोलरच्या गिरण्या आल्या आणि पांढरा मैदा स्वस्त झाला. पुढे मिशिगनमधल्याच बॅटल क्रीकच्या आरोग्यधामात डॉ. जॉन हार्वे केलॉग यांनी कोंड्याचा आग्रह धरला आणि १९१६ साली केलॉग कंपनीचं ‘ऑल-ब्रॅन’ बाजारात आलं. दुसऱ्या महायुद्धात ‘किंग जॉर्ज पंचम’ या ब्रिटिश युद्धनौकेवरचे डॉक्टर क्लीव्ह यांनी बद्धकोष्ठ झालेल्या खलाशांना कोंडा खायला घातला. युगांडात काम केलेले आयरिश शल्यचिकित्सक डेनिस बर्किट यांनी १९७०च्या दशकात तंतूंचं महत्त्व जगाला पटवलं.

आता कोंड्याकडे येते. गव्हाच्या दाण्यात साधारण १४ ते १५ टक्के कोंडा असतो, अडीच-तीन टक्के अंकुर आणि बाकीचा सगळा पिठूळ गर. शंभर ग्रॅम कोंड्यात सुमारे ४३ ग्रॅम तंतू असतात आणि १५ ग्रॅमच्या आसपास प्रथिनं. मोठ्या रोलर गिरणीतही दळण्याआधी गव्हाला पाणी देऊन काही तास मुरवतात. ओलाव्याने साल चिवट होतं, त्याचा चुरा होत नाही आणि मोठ्या पापुद्र्यांनी ते गरापासून सुटतं. आजीचं ओलवणं ते हेच! ही गोष्ट मला ज्या दिवशी उमगली, त्या दिवशी मी आईला फोन करून अर्धा तास गव्हावर बोलत होते.

कोंडा मिळवायचा कुठून? घरच्या कणकेची चाळण बारीक आणि मूठभरच निघते. मी ओळखीच्या गिरणीत धुऊन वाळवलेले आणि मग ओलवलेले गहू देते आणि सपीठ, रवा, कोंडा असं सगळं परत आणते. मोठ्या किराणा दुकानांत खाण्याच्या कोंड्याची पाकिटंही मिळतात. पेंडीच्या दुकानातला कोंडा गुरांसाठी असतो. तो स्वयंपाकात आणू नये. आणि कोंडा फडताळात महिनोन्‌महिने ठेवू नये. त्याला चिकटून आलेल्या अंकुरात तेल असतं, त्यामुळे तो खवट होतो. घट्ट झाकणाच्या डब्यात, फ्रिजमध्ये ठेवावा.

माझे पहिले मफिन कोरडे झाले होते. हात लावला की भुगा. सोडा बदलला, तेल वाढवलं, तरी तेच. मग एका सुट्टीत तीन वाडगी मांडून बसले. तिन्हींत कोंडा आणि ताक एकाच मापाने घेतलं. एक वाडगं पाच मिनिटं भिजवलं, एक वीस मिनिटं आणि एक आदल्या रात्रीपासून. तिन्हींचे मफिन एकाच वेळी भाजले. पहिले आधीच्यासारखेच भुसभुशीत, दुसरे चांगले, आणि तिसरे मऊ, ओलसर, दुसऱ्या दिवशीही तसेच. कोंडा पाणी पितो, पण सावकाश. आधी पोटभर पाजलं नाही, तर ओव्हनमध्ये तो भोवतालच्या पिठातला ओलावा ओढून घेतो. शिवाय कोरड्या कोंड्याच्या टोकदार कडा कणकेतल्या ग्लुटेनचे धागे तोडतात. भिजलेला कोंडा मवाळ होतो.

ताकात भिजवण्याचा आणखी एक फायदा आहे. कोंड्यात लोह, जस्त, मॅग्नेशियम भरपूर, पण फायटिक आम्ल ते धरून ठेवतं आणि शरीराला सहज मिळू देत नाही. कोंड्यातच असलेलं फायटेझ हे एन्झाइम आंबट ओलाव्यात कामाला लागतं आणि ते आम्ल फोडतं. म्हणून रात्रभर भिजवायचा असेल तेव्हा मी कोंडा भाजत नाही, कारण भाजलं की एन्झाइम निकामी होतं. सकाळी घाई असेल तेव्हा मात्र मंद आचेवर कढईत पाच मिनिटं परतते, बेसनाच्या लाडवासारखा वास सुटला की उतरवते, गार करते आणि वीस मिनिटं भिजवते. पौष्टिकतेला पहिला प्रकार सरस, खमंगपणाला दुसरा. दोन्ही मला प्रिय आहेत.

कोंड्याचा असाच मान राखणारी जागा मला गोव्यात सापडली. पहाटे सायकलचा भोंगा वाजवत पोदेर, म्हणजे पाववाला, येतो आणि त्याच्या टोपलीत पोई असते : गव्हाचं पीठ आणि कोंडा वापरून केलेला, आतून पोकळ, वरून कोंडा लावलेला गोल पाव. पूर्वी हे पीठ माडाच्या सुरेने फुगवत. बार्देशातल्या एका गावात मी भल्या पहाटे लाकडावर तापणाऱ्या भट्टीशी उभी राहून पोई भाजताना पाहिली. भट्टीच्या तळाशी कोंडा करपतो आणि त्याचा कडवट-गोड वास पोईला लागतो. मफिनच्या वरच्या कडेला तो वास आणण्याचा प्रयत्न मी अजून करते आहे.

आता फळं. मी केळ्यांच्या जिल्ह्यातली, त्यामुळे माझं पहिलं मत केळ्याला. रावेर-सावद्याकडच्या बागांमधून गाडी जाते तेव्हा दोन्ही बाजूंना मैलोन्‌मैल हिरवंगार पान हलत असतं. २०१६ साली जळगावच्या केळ्याला भौगोलिक मानांकन मिळालं, त्याचा आनंद आमच्या घरी सणासारखा झाला. मफिनला मात्र फळवाल्याकडचं पिवळंधमक केळं चालत नाही. सालीवर काळे डाग पडेपर्यंत थांबावं. पिकताना केळ्यातल्या पिष्टाची साखर होत जाते. जितकं पिकलेलं, तितका गूळ कमी लागतो.

दुसरं मत पुरंदरच्या अंजिरांना. उन्हाळ्यात मीठा बहार आला की मी सासवडला जाते आणि बागेतून निवडून टोपली आणते. मऊ अंजिराचे चार तुकडे करून पिठात घातले की बियांचा कुरकुरीतपणा कोंड्याशी फार छान जमतो. एरवी सांगलीचे बेदाणे आहेतच. ते कोंड्याबरोबरच ताकात टाकावेत, टपोरे फुगतात. महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीवर माझं प्रेम आहे, पण मफिनमध्ये ती पाणी सोडते आणि भोवती लगदा होतो; तिची फोड वर ठेवून भाजावी. तिथेच द्रोणातून विकायला येणारी तुती वापरताना सोडा बेताने घ्यावा. तिच्यातला जांभळा रंग सोड्याच्या संगतीने निळा-हिरवा पडतो. सूर्यफुलाच्या बियाही जास्त सोड्याने आतून हिरव्या होतात. पाहुण्यांना वाटतं बुरशी आली. तसं काही नसतं.

आता बारा मफिनची कृती. रात्री दीड कप (सुमारे ९० ग्रॅम) कोंडा आणि मूठभर बेदाणे २०० मिलिलिटर ताकात भिजवून झाकून ठेवा, उन्हाळ्यात फ्रिजमध्ये. सकाळी आधी ओव्हन २०० अंशांवर तापत ठेवा. भिजलेल्या कोंड्यात दोन पिकलेली केळी कुस्करा, १०० ग्रॅम बारीक गूळ, ८० मिलिलिटर तेल आणि एक अंडं फेटून घाला. अंडं नको असेल तर एक मोठा चमचा जवसाची पूड तीन चमचे पाण्यात दहा मिनिटं ठेवून ती वापरा. दुसऱ्या भांड्यात एक कप कणीक, एक लहान चमचा बेकिंग पावडर, एक लहान चमचा खायचा सोडा, अर्धा चमचा मीठ आणि वेलची किंवा जायफळ एकत्र करा. सोडा रात्री घालू नका. ताकाशी गाठ पडताच त्याचा वायू सुटायला लागतो आणि सकाळपर्यंत जोर संपतो.

कोरडं मिश्रण ओल्यात घाला आणि दहा-बारा वेळाच हलवा. कोरडं पीठ दिसेनासं झालं की थांबा. थोड्या गुठळ्या राहू द्या. भजीच्या पिठासारखं फेटत बसलं तर ग्लुटेनचे धागे जुळतात, मफिन चिवट होतो आणि आत लांबट बोगदे पडतात. तेल लावलेल्या साच्यात पाऊण उंचीपर्यंत पीठ घाला. पाच मिनिटांनी ओव्हन १८० अंशांवर आणा आणि आणखी १३ ते १५ मिनिटं भाजा. सुरुवातीच्या कडक आचेने माथा घुमटासारखा वर येतो. सुरी खुपसून कोरडी निघाली की बाहेर काढा आणि पाच मिनिटांनी साच्यातून सोडवा, नाहीतर बुडाला घाम सुटतो.

कोंड्याची सवय नसेल तर पहिल्या आठवड्यात एकच मफिन खावा आणि पाणी भरपूर प्यावं. गव्हाच्या ग्लुटेनचा त्रास असणाऱ्यांनी या वाटेला जाऊ नये.

आपल्या भाषेत कोंड्याला गरिबीशी जोडलं आहे. भुकेला कोंडा आणि निजेला धोंडा, असं आपण म्हणतो. कोंड्याचा मांडा करणारी ती गुणी गृहिणी, असंही म्हणतो. त्या सुगरणीचं कौतुक मी लहानपणापासून ऐकलं. तिच्या हातातल्या कोंड्याचं कौतुक मात्र कुणी केलं नाही.

यंदा आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, जळगावच्या घरी मांडे झाले. आजी नाही, परसातली गाय नाही. गहू आईनेच ओलवले. चाळण झाल्यावर तिने सवयीने सूप उचललं आणि क्षणभर दाराशी थांबली. मी ते तिच्या हातातून घेतलं आणि रात्री कोंडा ताकात घातला. सकाळी आईने मफिन फोडला, वास घेतला, दुधाबरोबर पूर्ण खाल्ला. मग स्वयंपाकघरात जाऊन डबा उघडून पाहिला आणि आतूनच विचारलं, “अगं, एवढाच उरला? पुढच्या वेळी गहू जरा जास्तच ओलवू.”