मयताचा खर्च आणि जुझो इतामी

युरोप फिरलेला, ‘लॉर्ड जिम’सारख्या इंग्रजी चित्रपटात काम केलेला जपानी नट जुझो इतामी १९८४ साली, वयाच्या ५१व्या वर्षी दिग्दर्शक झाला. सासऱ्यांच्या अंत्यविधीवरून त्याला पहिल्या चित्रपटाचा विषय सुचला. त्यात सूत्रपठणाला आलेला बौद्ध पुरोहित रोल्स-राईस मोटारीतून उतरतो! बुद्धाच्या नावावर चाललेला हा थाट इतामीने हसत हसत उघडा पाडला.

१९९२ साली त्याने खंडणीखोर टोळ्यांवर चित्रपट काढला. गुंडांनी त्याचा चेहरा चाकूने चिरला. तरी तो चित्रपट काढतच राहिला.

बांधवांनो, श्राद्ध-पिंडदान न करण्याची प्रतिज्ञा बाबासाहेबांनी १९५६ साली आपल्याला दिली. मग जलदान विधीच्या पंगतीसाठी कर्ज कशाला? तेच पैसे मुलांच्या शिक्षणाला लावू या.