मेंदूच्या औषधाचे यश मोजायचे कसे? बायोजेन कंपनीच्या वाटचालीतून उभा राहिलेला प्रश्न

३१ जानेवारी २०२४ रोजी अमेरिकेतील बायोजेन या जैवतंत्रज्ञान कंपनीने ‘अॅड्युहेल्म’ या औषधाची विक्री आणि त्याच्यावरील संशोधन थांबवत असल्याचे जाहीर केले. अल्झायमर या विकारावर अमेरिकेत १८ वर्षांनंतर मंजूर झालेले हे पहिले नवे औषध होते. जून २०२१ मध्ये त्याला मंजुरी मिळाली, तेव्हा अनेक रुग्णांच्या कुटुंबीयांनी त्याचे मोठ्या आशेने स्वागत केले होते. तीन वर्षे पूर्ण होण्याआधीच त्याचा अध्याय संपला. या औषधाने मेंदूत काहीच केले नाही, असे मात्र नव्हते. जे द्रव्य हटविण्यासाठी ते तयार केले होते, ते द्रव्य त्याने खरोखरच हटविले. त्यामुळे रुग्णाची स्मृती टिकते काय, या प्रश्नाचे निर्विवाद उत्तर मात्र अखेरपर्यंत मिळाले नाही.

मेंदूच्या आणि मज्जासंस्थेच्या विकारांवरील औषधे हीच बायोजेनची ओळख आहे. या कंपनीने गेल्या तीन दशकांत मोठे यश पाहिले आणि मोठी नामुष्कीही पाहिली. या क्षेत्रातील औषध कसे घडते, कसे तपासले जाते आणि कोणत्या टप्प्यावर घसरते, हे समजून घेण्यासाठी तिचे उदाहरण बोलके आहे.

मेंदूवर औषध शोधणे अवघड का, याचे पहिले कारण शरीररचनेत आहे. मेंदूतील सूक्ष्म रक्तवाहिन्यांच्या भिंती इतक्या घट्ट असतात, की रक्तातील बहुसंख्य द्रव्ये पलीकडे जाऊ शकत नाहीत. विषारी पदार्थांपासून बचाव करणारी ही तटबंदी औषधांनाही अडविते. प्रतिपिंडांसारखे मोठे रेणू शिरेतून दिले, तर त्यांचा एक टक्क्याहूनही कमी अंश मेंदूपर्यंत पोहोचतो.

दुसरी अडचण मोजमापाची आहे आणि ती अधिक गंभीर आहे. रक्तदाब यंत्रावर दिसतो, साखर रक्ताच्या तपासणीत कळते. विस्मरणाचे तसे नाही. अल्झायमरच्या चाचण्यांमध्ये डॉक्टर रुग्णाशी आणि त्याच्या सोबत राहणाऱ्या व्यक्तीशी सविस्तर बोलतात. स्मरणशक्ती, स्थळकाळाचे भान, निर्णयक्षमता, समाजातील वावर, घरातील कामे व छंद आणि स्वतःची देखभाल अशा सहा बाबींवर गुण देतात. एकूण गुण शून्य ते १८. गुण जितके अधिक, तितका विकार पुढे गेलेला. रुग्णाचा एखादा दिवस चांगला जातो, एखादा वाईट. औषधाच्या नावाखाली दिलेल्या निव्वळ निरुपद्रवी द्रवानेही काही काळ बरे वाटते. अशा मापाने एका गुणाच्याही आतला फरक पकडायचा असतो.

बायोजेनची स्थापना १९७८ मध्ये जिनिव्हा येथे झाली. जनुकांची कापणी व जोडणी करण्याचे तंत्र तेव्हा नुकतेच हाती आले होते. पुढे नोबेल पारितोषिकाचे मानकरी ठरलेले वॉल्टर गिल्बर्ट आणि फिलिप शार्प हे कंपनीच्या संस्थापकांपैकी होते. कंपनीला मेंदूविकारांच्या क्षेत्रात स्थान मिळवून दिले ते १९९६ मध्ये मंजूर झालेल्या ‘अॅव्होनेक्स’ या इंटरफेरॉन गटातील औषधाने. मल्टिपल स्क्लेरोसिस या विकारात शरीराची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच मज्जातंतूंवरील आवरणावर हल्ला करते. आठवड्यातून एकदा स्नायूत घ्यावयाच्या या इंजेक्शनाने विकाराचे झटके कमी होत असत.

त्यानंतरचे ‘टायसाब्री’ हे औषध अधिक प्रभावी होते. नोव्हेंबर २००४ मध्ये त्याला मंजुरी मिळाली आणि फेब्रुवारी २००५ मध्ये कंपनीने स्वतःहून त्याची विक्री थांबविली. प्रतिकारशक्तीला लगाम घातल्याने एरवी शरीरात निद्रिस्त असलेला एक विषाणू मेंदूत उफाळून आल्याचे मोजक्या रुग्णांत आढळले होते आणि काहींचा मृत्यू झाला होता. विशेष म्हणजे मार्च २००६ मध्ये तज्ज्ञ समितीपुढे अनेक रुग्णांनी येऊन हे औषध परत द्या, धोका आम्हाला मान्य आहे, अशी विनवणी केली. त्याच वर्षी कडक देखरेखीच्या अटीवर ते परतले. येथे लाभ नि:संशय होता, म्हणूनच धोक्याचा हिशेब मांडता आला. हा मुद्दा पुढील घटना समजण्यासाठी ध्यानात ठेवावा लागेल.

कंपनीचे सर्वांत लखलखीत यश लहान मुलांच्या विकारात आले. स्पायनल मस्क्युलर अॅट्रॉफी या आनुवंशिक विकारात स्नायूंना चालना देणाऱ्या मज्जापेशी मरत जातात. तीव्र प्रकारात बाळ कधी बसूही शकत नाही आणि उपचार न मिळाल्यास बहुतेकदा दोन वर्षांच्या आत दगावते किंवा कायम श्वसनयंत्रावर अवलंबून राहते. या मुलांमध्ये एक आवश्यक जनुक निकामी असते. निसर्गाने त्याची जवळजवळ हुबेहूब दुसरी प्रत दिलेली आहे, परंतु तिच्या संदेशाची जुळणी होताना एक तुकडा गळतो आणि तयार होणारे प्रथिन बहुतांशी निरुपयोगी ठरते. न्यूयॉर्कजवळच्या कोल्ड स्प्रिंग हार्बर प्रयोगशाळेतील एड्रियन क्रेनर आणि आयोनिस या कंपनीतील शास्त्रज्ञांनी असा एक छोटा रेणू तयार केला, की जो त्या संदेशावर नेमक्या जागी बसतो आणि गळणारा तुकडा गळू देत नाही. बायोजेनने तो ‘स्पिनराझा’ या नावाने बाजारात आणला. मेंदूभोवतीची तटबंदी टाळण्यासाठी तो पाठीच्या कण्यातून थेट मज्जाद्रवात सोडला जातो.

डिसेंबर २०१६ मध्ये त्याला मंजुरी मिळाली. चाचणीत औषध मिळालेल्या ५१ टक्के बालकांनी हालचालींत प्रगती दाखविली, तर औषध न मिळालेल्या गटात एकाही बालकाने नाही. मान सावरणे, कूस बदलणे, बसणे हे पाहण्यासाठी कोणत्याही गुणतक्त्याची गरज नव्हती. आईवडिलांना ते घरातच दिसत होते. किंमत मात्र पहिल्या वर्षासाठी साडेसात लाख डॉलर, म्हणजे तेव्हाच्या दराने पाच कोटी रुपयांहून अधिक आणि पुढे दरवर्षी त्याच्या निम्मी ठेवण्यात आली.

एका प्रथिनाचा पाठलाग

या पार्श्वभूमीवर कंपनीने अल्झायमरकडे मोर्चा वळविला होता. या विकारात मेंदूतील पेशींच्या बाहेर अमायलॉइड नावाच्या प्रथिनाचे थर साचतात. तेच विकाराचे मूळ असावे आणि ते काढले तर विकार थांबावा, हे गृहीतक १९९२ पासून संशोधनाच्या केंद्रस्थानी आहे. त्यावर आधारलेली अनेक कंपन्यांची औषधे एकामागून एक अपयशी ठरली होती. स्वित्झर्लंडमधील न्यूरिम्यून या छोट्या कंपनीने वेगळा मार्ग धरला. वृद्धापकाळातही ज्यांची बुद्धी शाबूत होती, अशा लोकांच्या रक्तपेशींत तिने अमायलॉइडला चिकटणाऱ्या प्रतिपिंडाचा शोध घेतला. त्यातून अॅड्युकॅनुमॅब हे द्रव्य निघाले. तेच पुढे अॅड्युहेल्म या नावाने विकले गेले.

प्रारंभीच्या छोट्या चाचणीतील मेंदूची चित्रे थक्क करणारी होती. अमायलॉइडचे थर दर महिन्याच्या मात्रेगणिक विरळ होत गेले होते. त्यानंतर एकाच आराखड्याच्या दोन मोठ्या चाचण्या सुरू झाल्या आणि दोहोंत मिळून सुमारे ३,३०० रुग्ण सहभागी झाले. मार्च २०१९ मध्ये मधल्या टप्प्यावरील हिशेबात यशाची शक्यता अत्यल्प दिसल्याने दोन्ही चाचण्या थांबविण्यात आल्या. त्या एका दिवसात बायोजेनच्या समभागाची किंमत जवळपास २९ टक्क्यांनी कोसळली.

गोष्ट तेथेच संपायची. परंतु ऑक्टोबर २०१९ मध्ये कंपनीने जाहीर केले, की नंतर हाती आलेली माहिती जोडून पाहिली असता एका चाचणीत मोठी मात्रा घेतलेल्या रुग्णांची घसरण २२ टक्क्यांनी मंदावलेली दिसते. टक्केवारी भरघोस वाटते. १८ गुणांच्या मापावर हा फरक ०.३९ गुणांचा होता. दुसऱ्या चाचणीत तेवढाही फरक नव्हता.

एकसारख्या दोन चाचण्यांचे निष्कर्ष परस्परविरोधी आले, तर शास्त्राचा साधा नियम तिसरी चाचणी करा, असा आहे. नोव्हेंबर २०२० मध्ये अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाच्या सल्लागार समितीनेही जवळपास हेच सुचविले. यशस्वी चाचणी हाच परिणामकारकतेचा मुख्य पुरावा मानावा काय, या प्रश्नावर ११ पैकी एकाही सदस्याने होकार दिला नाही. तरीही ७ जून २०२१ रोजी प्रशासनाने त्वरित मंजुरी दिली आणि ती देताना मापदंडच बदलला. अमायलॉइड कमी होते, त्यावरून रुग्णाला लाभ होण्याची वाजवी शक्यता दिसते, असे कारण देण्यात आले. समितीच्या तीन सदस्यांनी राजीनामे दिले.

त्वरित मंजुरीची ही तरतूद मुळात वाईट नाही. एड्सच्या साथीत रुग्ण मरत असताना वर्षानुवर्षे थांबणे अमानुष ठरले असते, म्हणून ती आली. परंतु तिचा पाया एका गृहीतावर असतो: जे प्रयोगशाळेत सुधारते, ते रुग्णातही सुधारेल. विषाणूच्या बाबतीत हे बहुधा खरे ठरते. मेंदूच्या बाबतीत तो दुवा तेव्हा सिद्ध झालेला नव्हता, असे माझे स्पष्ट मत आहे.

धोकाही लहान नव्हता. मोठ्या मात्रेत सुमारे ४० टक्के रुग्णांच्या मेंदूत सूज किंवा सूक्ष्म रक्तस्राव दिसून आला. बहुतेकांना त्याची जाणीवही झाली नाही, परंतु काहींना गंभीर त्रास झाला. त्यात वर्षाला ५६,००० डॉलर, म्हणजे तेव्हाचे सुमारे ४१ लाख रुपये ही किंमत. २०२२ साठी अमेरिकेतील वृद्धांच्या सरकारी आरोग्यविम्याचा मासिक हप्ता १४८.५० डॉलरवरून १७०.१० डॉलर झाला आणि या वाढीचा सुमारे निम्मा भाग या एका औषधाच्या संभाव्य खर्चाची तरतूद होता. जे औषध बहुतेकांनी कधी घेतलेच नाही, त्याचा भार कोट्यवधी वृद्धांनी उचलला.

कंपनीने डिसेंबर २०२१ मध्ये किंमत निम्म्यावर आणली. एप्रिल २०२२ मध्ये सरकारी विम्याने चाचणीत सहभागी असलेल्यांपुरताच खर्च देण्याचा निर्णय घेतला आणि औषधाची वाट जवळजवळ बंद झाली. डिसेंबर २०२२ मध्ये अमेरिकी संसदेच्या दोन समित्यांच्या चौकशी अहवालात मंजुरीच्या प्रक्रियेत अनेक अनियमितता झाल्याचा ठपका ठेवण्यात आला.

गृहीतक मात्र संपले नाही. स्वीडनमधील बायोआर्क्टिक कंपनीत जन्मलेले आणि जपानच्या आयसाई कंपनीने बायोजेनच्या साथीने विकसित केलेले लेकॅनेमॅब हे औषध १,७९५ रुग्णांवरील एका सुस्पष्ट चाचणीत उतरले. १८ महिन्यांत घसरण २७ टक्क्यांनी मंदावली. अमेरिकेत जुलै २०२३ मध्ये त्याला पूर्ण मंजुरी मिळाली. त्याच मापावर हा फरक ०.४५ गुणांचा. पुरावा या वेळी पक्का होता, लाभ मात्र बेताचाच. ऑगस्ट २०२४ मध्ये ब्रिटनमध्ये याचे चमत्कारिक दर्शन घडले. औषध नियामकाने लेकॅनेमॅबला मंजुरी दिली आणि त्याच दिवशी सरकारी आरोग्यसेवेला सल्ला देणाऱ्या संस्थेने, खर्चाच्या मानाने लाभ अपुरा असल्याचे सांगून, ते न देण्याची प्राथमिक शिफारस केली.

याच मापदंडाच्या वादात बायोजेनचे आणखी एक औषध उभे आहे आणि तेथे माझा कौल वेगळा आहे. एएलएस या विकारात हातपाय, गिळणे आणि अखेर श्वास यांवरील ताबा जातो. त्यातील सुमारे दोन टक्के रुग्णांमध्ये एका विशिष्ट जनुकाचा दोष असतो. त्यांच्यासाठीचे टोफरसेन हे औषध १०८ रुग्णांच्या चाचणीत २८ आठवड्यांच्या मुख्य कसोटीला उतरले नाही. परंतु मज्जापेशी तुटताना रक्तात मिसळणारे एक प्रथिन औषधामुळे लक्षणीय घटले. ही घट लाभाची वाजवी खूण मानता येईल, असे सल्लागार समितीने नऊ विरुद्ध शून्य मतांनी सांगितले आणि एप्रिल २०२३ मध्ये औषधाला त्वरित मंजुरी मिळाली. रुग्ण मोजके, आयुष्य थोडे, दुसरा उपाय नाही आणि निदर्शकाचा संबंध पेशींच्या प्रत्यक्ष ऱ्हासाशी. येथे थांबून राहण्याची किंमत अधिक ठरली असती.

भारतीय कुटुंबांपुढील प्रश्न

आपल्या देशात ६० वर्षांवरील सुमारे ८८ लाख व्यक्तींना स्मृतिभ्रंश असल्याचा अंदाज २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका देशव्यापी अभ्यासातून पुढे आला. अल्झायमर हे त्याचे सर्वांत मोठे कारण असले तरी एकमेव नव्हे. पक्षाघातामुळे येणाऱ्या विस्मरणावर अमायलॉइड हटविणाऱ्या औषधांचा काही उपयोग नाही. शिवाय ही औषधे विकाराच्या अगदी आरंभीच्या टप्प्यासाठीच आहेत. ‘वय झाले, विसरायचेच’ असे म्हणत आपल्याकडे डॉक्टरांकडे जाईपर्यंत तो टप्पा अनेकदा उलटून गेलेला असतो. उपचारापूर्वी मेंदूचे विशेष स्कॅन किंवा मज्जाद्रवाची तपासणी, नंतर दर दोन आठवड्यांनी शिरेतून औषध आणि सुरुवातीच्या महिन्यांत पुन्हा पुन्हा एमआरआय, हा खटाटोप मोठ्या शहरांबाहेर पेलणे कठीण आहे.

दुर्मिळ आजारांसाठी केंद्र सरकारच्या २०२१ च्या धोरणानुसार निवडक रुग्णालयांमार्फत एका रुग्णाला कमाल ५० लाख रुपयांचे साहाय्य मिळू शकते. स्पायनल मस्क्युलर अॅट्रॉफीच्या आयुष्यभर घ्यावयाच्या औषधापुढे ही रक्कम लवकर सरते, म्हणूनच अनेक पालकांना लोकवर्गणी आणि न्यायालय यांचा आधार घ्यावा लागला आहे.

नव्या औषधाची बातमी वाचून डॉक्टरांकडे जाणाऱ्या कुटुंबाने टक्केवारी ऐकून थांबू नये. ती टक्केवारी कशाची, मेंदूच्या चित्राची की रुग्णाच्या दैनंदिन कामाची. मूळ मापावर फरक किती गुणांचा. आणि आपल्या रुग्णाच्या जनुकीय तपासणीनुसार सूज व रक्तस्रावाचा धोका किती, हे तीन प्रश्न विचारायला हवेत. लेकॅनेमॅबच्या बाबतीत अखेरचा प्रश्न तर अनिवार्यच आहे, कारण अपोई-४ या जनुकाच्या दोन प्रती असलेल्या रुग्णांत हा धोका बराच वाढतो आणि युरोपीय संघाने त्यांना या औषधाच्या कक्षेबाहेर ठेवले आहे.