होरेस ओव्हे : काळ्यांचा कॅमेरा, गोऱ्यांचे कपाट

ब्रिटनमध्ये काळ्या माणसाने दिग्दर्शित केलेला पहिला पूर्ण लांबीचा कथाचित्रपट म्हणून 'प्रेशर'ची नोंद आहे. तो १९७५ साली तयार झाला आणि रीतसर प्रदर्शित झाला १९७८ मध्ये. पैसा ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटचा होता, आणि तो अडवून ठेवला तोही त्याच संस्थेने. चित्रपटात पोलिसांचे जुलूम दाखवले होते, हे त्यामागचे कारण. चित्रपटावर बंदी घातली असती तर निदान आरडाओरडा झाला असता. येथे बंदी नाही, फक्त प्रदर्शन नाही. प्रस्थापितांची ही सभ्य रीत आपल्या लेखकांनाही ठाऊक आहे.

होरेस ओव्हे १९३६ साली त्रिनिदादमध्ये, पोर्ट ऑफ स्पेनच्या बेलमाँट वस्तीत जन्मला. १९६० साली तो शिकायला इंग्लंडात आला. पोटासाठी मिळेल ते काम केले. 'क्लिओपात्रा' या अवाढव्य चित्रपटात त्याला गर्दीतले काम मिळाले आणि त्याच निमित्ताने तो रोमला पोहोचला. ज्या गर्दीत तो उभा होता तिच्यापेक्षा, रस्त्यावर उतरून साध्या माणसांचे जिणे टिपणारा इटालियन चित्रपट त्याला अधिक शिकवून गेला. लंडनला परतल्यावर त्याने कॅमेरा आपल्या माणसांकडे वळवला. १९६८ साली तेथील वेस्ट इंडियन विद्यार्थी केंद्रात जेम्स बाल्डविन बोलला, ते ओव्हेने चित्रित केले. त्यात करामत काही नाही. एक माणूस बोलतो आहे, खोलीभर माणसे ऐकताहेत आणि उलट प्रश्न विचारताहेत. मला हा माहितीपट फार मोलाचा वाटतो, कारण त्यात ऐकणाऱ्यांचे चेहरेही आहेत.

'प्रेशर'ची पटकथा ओव्हेने सॅम्युएल सेल्व्हनबरोबर लिहिली. सेल्व्हन त्रिनिदादचाच, पण भारतीय वंशाचा. १८४५ ते १९१७ या काळात आपल्या देशातून करारावर मजूर नेऊन तेथील उसाचे मळे पिकवले गेले, त्यातून जो भारतीय वंशाचा समाज तेथे उभा राहिला त्यातला हा लेखक.

गोष्ट साधी आहे. लंडनमध्ये जन्मलेला टोनी शाळा संपवून नोकरी शोधतो. आईबाप त्रिनिदादहून आलेले, किराणा दुकान चालवणारे. थोरला भाऊ कॉलिन तिकडेच जन्मला आणि आता काळ्यांच्या चळवळीत आहे. आई टोनीला न्याहारीला इंग्रजी पद्धतीने अंडी आणि डुकराचे मांस वाढते, भाऊ त्या ताटाची टर उडवतो. मुलाखतीला गेल्यावर साहेब विचारतो, या देशात येऊन किती दिवस झाले? ज्याला जायला दुसरा देशच नाही त्याला हा प्रश्न! आपल्याकडे मुलाखतीत आडनाव विचारतात, जिल्हा विचारतात, मग पुन्हा आडनाव विचारतात. प्रमाणपत्र टेबलावर तसेच पडून असते. थोरल्याच्या रागाला पाठीशी एक आठवणीतली भूमी आहे. धाकट्याजवळ फक्त शाळेने दिलेला विश्वास आहे, आणि तो मोडताना पाहणे अधिक जड जाते. १९७२ साली मुंबईत दलित पँथरने अमेरिकेतल्या काळ्यांच्या संघटनेवरून नाव घेतले. लंडनमध्येही त्याच नावाची चळवळ होती. म्हणून टोनी मला परका वाटत नाही.

पुढची कामे बहुतेक दूरदर्शनची. १९७९ साली बीबीसीवर 'अ होल इन बॅबिलॉन' आले. १९७५ साली लंडनमधील एका उपाहारगृहात तीन काळ्या तरुणांनी बंदुकीच्या धाकाने माणसे ओलीस धरली होती, त्या घटनेवरचे हे नाट्य. वृत्तपत्रांनी ज्यांना नुसते गुंड म्हटले, ते येथपर्यंत आले कसे हे त्याने विचारले. गुन्ह्याचे समर्थन आणि गुन्ह्याचे कारण या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, हे त्याला कळत होते. १९८६ च्या 'प्लेइंग अवे'मध्ये तो हसतो. ब्रिक्स्टनचा काळ्यांचा क्रिकेट संघ एका इंग्रजी खेड्यात सामना खेळायला जातो, कारण गावाला तिसऱ्या जगाविषयी कळवळा दाखवायचा आहे. पटकथा सेंट किट्समध्ये जन्मलेल्या कॅरिल फिलिप्सची. दयेच्या मेजवानीला बोलावलेला पाहुणा जेव्हा जिंकायला निघतो तेव्हा यजमानाचा चेहरा कसा होतो, हे पाहण्यासारखे आहे.

१९८५ साली ओव्हे आपल्याकडेही आला. भोपाळच्या वायुकांडावर त्याने माहितीपट केला, आणि दुसरा मुंबईच्या डबेवाल्यांवर. मावळ-जुन्नरकडची ही कष्टकरी माणसे त्रिनिदादच्या माणसाच्या नजरेतून ब्रिटिश प्रेक्षकांपुढे गेली.

२०२२ साली त्याला 'सर' ही पदवी जाहीर झाली. सप्टेंबर २०२३ मध्ये तो वारला. पुढच्याच महिन्यात 'प्रेशर'ची दुरुस्त केलेली नवी प्रत लंडन आणि न्यूयॉर्कच्या महोत्सवांत दाखवली गेली. ती तयार करण्यात पुढाकार होता ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटचा.