ॲटक्सचे वाघ

१९ मार्च १९५५ची रात्र. इंडियानापोलिसच्या बटलर फील्डहाऊसमध्ये इंडियाना राज्याच्या शालेय बास्केटबॉल स्पर्धेचा अंतिम सामना होता. सामना सुरू होण्याआधीच एक गोष्ट सगळ्यांना कळून चुकली होती: करंडक कुणीही उचलला तरी यंदा तो काळ्या मुलांच्याच शाळेत जाणार. एका बाजूला याच शहराचं क्रिस्पस ॲटक्स हायस्कूल, दुसऱ्या बाजूला गॅरी या पोलादनगरीचं रूझवेल्ट. ॲटक्सने ९७-७४ असा सामना मारला. सर्वांसाठी खुली असलेली राज्यस्पर्धा कृष्णवर्णीयांच्या शाळेने जिंकण्याची अमेरिकेतली ती पहिलीच वेळ. खुद्द इंडियानापोलिसच्याही कुठल्या शाळेला हा करंडक त्याआधी मिळाला नव्हता, आणि स्पर्धा तर १९११पासून चालू होती.

इंडियानात शालेय बास्केटबॉलला काय मान आहे, हे बाहेरच्याला पटवणं अवघड. कोल्हापुरात तालमींच्या फुटबॉलचं जे वेड आहे, ते राज्यभर पसरलंय अशी कल्पना करावी. त्या काळी सुमारे साडेसातशे शाळा एकाच करंडकासाठी खेळत. मोठी शाळा, छोटी शाळा असे गट नव्हते. चार हजार मुलांची शहरी शाळा आणि दीडशे मुलांची खेड्यातली शाळा एकाच सोडतीत. एकदा हरलात की घरी. मार्च महिन्यात राज्यात दुसरा विषय नसे. अशा राज्यात एखाद्या शाळेला या स्पर्धेपासून दूर ठेवणं म्हणजे तिला गावकीतून बाहेर काढण्यासारखंच होतं.

ॲटक्सला पंधरा वर्षं असंच बाहेर ठेवलं गेलं. त्याची कथा शाळेच्या जन्मापासून सुरू होते.

१९२०च्या आधी इंडियानापोलिसच्या सरकारी हायस्कुलांत, म्हणजे शॉर्टरिज, आर्सेनल टेक्निकल आणि मॅन्युअल इथे, काळी मुलं गोऱ्यांच्या बरोबरीने शिकत होती. संख्येने थोडी, पण एकाच वर्गात. मग दक्षिणेतून उत्तरेकडे येणाऱ्या कृष्णवर्णीय कुटुंबांचा ओघ वाढला, तशी गोऱ्या वस्त्यांत चुळबुळ सुरू झाली. काळ्या मुलांसाठी वेगळं हायस्कूल बांधायचा ठराव शिक्षण मंडळाने १९२२मध्ये केला. त्या दशकात इंडियाना हे कू क्लक्स क्लॅन या मुखवटेधारी वर्णद्वेषी संघटनेचं सर्वांत मोठं बळस्थान होतं. राज्यातला क्लॅनचा म्होरक्या डी. सी. स्टीफन्सन गव्हर्नरपर्यंत वशिला बाळगून होता. १९२५मध्ये तो एका तरुणीच्या खुनाबद्दल दोषी ठरला आणि त्याचा डोलारा कोसळला. क्लॅनच्या पाठिंब्याने निवडून आलेल्या मंडळाच्या कारकिर्दीत ही इमारत उभी राहिली, त्यामुळे ॲटक्सचा उल्लेख अनेकदा ‘क्लॅनने बांधलेली शाळा’ असा होतो. पण तेवढ्यावर थांबणं फार सोयीचं आहे. ठराव क्लॅनच्या मंडळाआधीचा होता. त्यामागे व्यापारी आणि वस्त्यांतल्या नागरिक संघटना होत्या, म्हणजे रविवारी चर्चला जाणारी, चारचौघांत मान असलेली माणसं. मुखवटे घालून फिरणाऱ्यांपेक्षा अशा माणसांनीच शहरं वाटली आहेत, आणि ही गोष्ट फक्त अमेरिकेपुरती खरी नाही.

मंडळाने शाळेला नाव ठरवलं होतं थॉमस जेफरसन यांचं. स्वातंत्र्याचा जाहीरनामा लिहिणारे जेफरसन स्वतः गुलाम बाळगून होते. काळ्या पालकांनी या नावाला कडाडून विरोध केला. शेवटी नाव मिळालं ते क्रिस्पस ॲटक्सचं. ५ मार्च १७७० रोजी बॉस्टनमध्ये इंग्रज शिपायांनी जमावावर गोळ्या झाडल्या, तेव्हा पडलेला हा माणूस आफ्रिकी आणि मूलनिवासी वंशाचा होता. पालकांना शाळाच नको होती. निदान तिच्या दारावरचं नाव तरी त्यांनी आपलं मिळवलं.

सप्टेंबर १९२७मध्ये शाळा उघडली. शहरातल्या इतर हायस्कुलांत शिकणाऱ्या काळ्या मुलांनाही दप्तर उचलून इथे यावं लागलं. पण मंडळाच्या हिशेबात न धरलेली एक गोष्ट घडली. एम.ए., पीएच.डी. झालेल्या कृष्णवर्णीयांना तेव्हा गोऱ्यांच्या विद्यापीठांत नोकरी मिळत नसे. त्यांतले कितीतरी जण ॲटक्समध्ये शिकवायला आले. १९३०पासून १९५७पर्यंत मुख्याध्यापक असलेल्या रसेल लेन यांनी अशी माणसं हुडकून आणली. महाविद्यालयात शोभले असते असे शिक्षक इथे नववीच्या वर्गाला बीजगणित शिकवत होते. शाळेजवळच इंडियाना ॲव्हेन्यू हा जॅझचा रस्ता. ट्रॉम्बोनवादक जे. जे. जॉन्सन आणि पुढे जॅझचे नामवंत शिक्षक झालेले डेव्हिड बेकर हे याच शाळेचे विद्यार्थी.

खेळात मात्र दार बंद. इंडियानाच्या शालेय क्रीडा संघटनेचे प्रमुख आर्थर ट्रेस्टर यांचं म्हणणं असं, की सदस्यत्व सार्वजनिक शाळांसाठी आहे. ॲटक्समध्ये फक्त काळी मुलं घेतात, म्हणजे ती सर्वांना खुली नाही, म्हणजे ती सार्वजनिक नाही. गोऱ्यांनीच कुंपण घालायचं आणि मग कुंपण आहे म्हणून आतल्यांना दोष द्यायचा! सवर्ण हिंदू संघाने दलित क्रिकेटपटू पलवंकर बाळूंच्या गोलंदाजीवर सामने जिंकले आणि कर्णधारपद देताना मात्र हात आखडता घेतला, हे ज्यांना ठाऊक आहे त्यांना या युक्तिवादाची चाल ओळखीची वाटेल. आपल्याकडे बाळूंच्या धाकट्या भावाला, विठ्ठलला, ते पद मिळायला १९२३ उजाडलं. ॲटक्सला संघटनेचं दार उघडायला १९४२ उजाडलं. कॅथलिक शाळांनाही त्याच वेळी प्रवेश मिळाला.

तोवर ॲटक्सचा संघ हिरव्या-सोनेरी गणवेशात लांबलांबचे प्रवास करत होता. शिकागो, सेंट लुईस, लुईव्हिल इथल्या काळ्या शाळांशी सामने, आणि राज्यातल्या ज्या काही खेड्यांतल्या वा कॅथलिक शाळा खेळायला तयार होत त्यांच्याशी. प्रवासात खाणावळीत पान मिळेलच असं नाही, मुक्कामाला खोली मिळेलच असं नाही. शाळेची व्यायामशाळा इतकी तोकडी, की मोठे सामने घरी घेणं अशक्य. शहराच्या शिक्षण मंडळाने मोठी बांधलीही नाही. पुढे ॲटक्सचे ‘घरचे’ सामने बटलर विद्यापीठाच्या पंधरा हजारी फील्डहाऊसमध्ये होऊ लागले, आणि तिकिटांचे गल्ले भरू लागले, तो काळाने उगवलेला सूड म्हणायचा.

१९५०मध्ये रे क्रो प्रशिक्षक झाले. ते मूळचे शेतकरी घरातले आणि पेशाने गणिताचे शिक्षक. त्यांच्या आधी शाळेचं धोरण जपून वागण्याचं होतं: गोऱ्या संघाशी खेळताना धसमुसळेपणा नको, पंचांशी वाद नको, शहराची मर्जी राखा. क्रो यांनी शिस्त ठेवली, पण भीड सोडली. पंच आपल्या बाजूचे नसतात हे ते गृहीतच धरत. पहिले दहा गुण पंचांचे समजा, जिंकायचं ते त्यानंतरच्या गुणांवर, असं ते मुलांना सांगत. राज्यातले बहुतेक संघ तेव्हा चेंडू सावकाश फिरवत, नेम धरून थांबत खेळायचे. क्रोंच्या मुलांनी वेग आणला. चेंडू हातात पडला की पळायचं, समोरचा बचाव उभा राहण्याआधी जाळ्यापर्यंत पोहोचायचं. त्याच वेळी ते मुलांच्या घरी जात, आईवडिलांशी बोलत, अभ्यासावर लक्ष ठेवत. सात हंगामांत १७९ विजय आणि २० पराभव, असा त्यांचा हिशेब आहे.

पहिल्याच हंगामात, १९५१मध्ये, अँडरसनविरुद्ध शेवटच्या क्षणी बेली रॉबर्टसनने कोपऱ्यातून चेंडू टाकला आणि ॲटक्स ८१-८० जिंकलं. त्या वर्षी संघ अंतिम चारांत पोहोचला. करंडक मिळाला नाही, पण त्या एका फटक्याने इंडियाना ॲव्हेन्यू रात्रभर जागा राहिला, असं म्हणतात. बेलीचा धाकटा भाऊ ऑस्कर तेव्हा बारा वर्षांचा होता. सरकारने बांधलेल्या लॉकफील्ड गार्डन्स या वसाहतीजवळच्या धुळीच्या मैदानावर तो मोठ्या मुलांत घुसून खेळायचा. त्या मैदानाला सगळे ‘डस्ट बोल’ म्हणत.

१९५४मध्ये ऑस्कर संघात होता, आणि ॲटक्सला उपउपांत्य टप्प्यात मायलन नावाच्या खेड्याने हरवलं. शाळेत १६१ मुलं. हेच मायलन पुढे मन्सी सेंट्रलला ३२-३० असं हरवून राज्यविजेतं झालं. त्यावर १९८६मध्ये ‘हूझियर्स’ हा गाजलेला चित्रपट निघाला. खेड्यातली गोरी मुलं दांडग्या शहराला हरवतात, ही गोष्ट सगळ्यांना आवडली. गंमत अशी, की चित्रपटात अंतिम सामन्यातल्या प्रतिस्पर्धी संघाच्या प्रशिक्षकाची भूमिका खुद्द रे क्रो यांनी केली आहे. १९५५मधली त्यांची खरी गोष्ट मात्र पडद्यावर यायला फार वाट पाहावी लागली, आणि आली ती माहितीपटांतून. दोन्ही गोष्टी शेजारी ठेवल्या तर कोणती मोठी, याबद्दल मला शंका नाही.

१९५५मध्ये ॲटक्स ३२ सामन्यांत फक्त एक हरलं. खरी कसोटी मन्सी सेंट्रलविरुद्ध लागली. ७१-७० अशा आघाडीवर असताना शेवटच्या सेकंदांत ऑस्करने प्रतिस्पर्ध्याचा पास मध्येच झडपला आणि चेंडू हवेत भिरकावून दिला. त्यानंतरची रूझवेल्टविरुद्धची अंतिम लढत एकतर्फी झाली.

रिवाज असा होता, की विजेत्या संघाला अग्निशमन दलाच्या गाडीवरून शहराच्या मधोमध असलेल्या मॉन्युमेंट सर्कलवर न्यायचं आणि तिथे जल्लोष करायचा. ॲटक्सच्या मुलांची गाडी सर्कलला एक वळसा घालून तशीच पुढे काढली गेली, थेट काळ्या वस्तीतल्या नॉर्थवेस्टर्न पार्ककडे. जल्लोष तिकडेच करा, असा मतलब. शहराला पहिलं विजेतेपद मिळवून देणाऱ्यांना शहराच्या चौकात उतरू दिलं नाही. सोळा वर्षांचा ऑस्कर तिथून लवकर घरी निघून गेला. पुढच्या वर्षी तो आणि त्याचे सहकारी ३१ पैकी ३१ सामने जिंकले. अंतिम सामन्यात ऑस्करचे ३९ गुण होते. संपूर्ण हंगाम अपराजित राहून करंडक जिंकणारा इंडियानाच्या इतिहासातला तो पहिला संघ. ऑस्कर रॉबर्टसन यांनी पुढे ऑलिम्पिक सुवर्ण आणि व्यावसायिक बास्केटबॉलमध्ये जगभर नाव मिळवलं. १९७०मध्ये खेळाडू संघटनेचे अध्यक्ष म्हणून त्यांनी दाखल केलेल्या खटल्यातून खेळाडूंना संघ बदलण्याचं स्वातंत्र्य मिळालं. १९५५च्या रात्रीचा राग त्यांनी कधी लपवला नाही.

या विजयांचा सर्वांत खोल परिणाम शाळेबाहेर झाला. कायद्याने इंडियानात शाळांमधला वर्णभेद १९४९मध्येच संपला होता, पण शाळांच्या हद्दी अशा आखल्या गेल्या की ॲटक्स काळ्यांचंच राहिलं. मात्र इतर हायस्कुलांच्या लक्षात आलं की ज्या मुलांना आपण दारात उभं केलं नाही, ती आपल्याला दर मार्चमध्ये घरी पाठवताहेत. काळे खेळाडू हवेसे झाले. न्यायालयं जे करू शकली नाहीत, ते काही प्रमाणात बास्केटबॉलने केलं. पण त्याचा अर्थ ॲटक्सची मक्तेदारीही संपत गेली. १९५९मध्ये बिल गॅरेट यांच्या हाताखाली शाळेने तिसरा करंडक जिंकला, आणि मग दीर्घ दुष्काळ. १९७१मध्ये न्यायाधीश ह्यू डिलिन यांनी शिक्षण मंडळाने जाणूनबुजून वर्णभेद केल्याचा निकाल दिला. त्या निकालातून १९८१पासून हजारो काळी मुलं बसने उपनगरांतल्या शाळांत जाऊ लागली. ॲटक्सचे वर्ग ओस पडत गेले. १९८६मध्ये हायस्कूलचा दर्जा गेला आणि ते लहान वर्गांचं विद्यालय झालं. माजी विद्यार्थ्यांना हे फार लागलं. ज्या एकीकरणासाठी झगडलो, त्यानेच आपली शाळा गिळली, ही त्यांची तक्रार खोटी म्हणता येत नाही. न्याय मिळाला, आणि घर गेलं.

२००६मध्ये वैद्यकीय क्षेत्राकडे जाणाऱ्या विद्यार्थ्यांसाठी ते पुन्हा हायस्कूल झालं. २०१७मध्ये ट्विन लेक्सला ७३-७१ असं हरवून ॲटक्सने अठ्ठावन्न वर्षांनी राज्यकरंडक उचलला. मुलांच्या गळ्यात पदकं घालायला ऑस्कर रॉबर्टसन स्वतः आले होते. स्पर्धा मात्र आता जुनी राहिलेली नाही. शाळांच्या आकारानुसार चार गट पडले आहेत, आणि ॲटक्स जिंकलं ते त्यातल्या एका गटात. जुने लोक यावर नाक मुरडतात. विद्यार्थी कमी झाल्याने २०१८मध्ये शहराच्या शिक्षण मंडळाने हायस्कुलांची संख्या चारवर आणली. त्या चारांत आर्सेनल टेक आहे, शॉर्टरिज आहे आणि ॲटक्सही आहे.